कल्पनाशक्ती, कला आणि संस्कृती यांची उत्क्रांती

जे समोर नाही ते मनात उभे करण्याची माणसाची क्षमता म्हणजे कल्पनाशक्ती. ती आणि तिच्यातून आलेली कला व संस्कृती जैविक उत्क्रांतीत कशी घडत गेली, याचा अभ्यास मानवशास्त्र, पुरातत्त्व, मज्जाविज्ञान आणि मानसशास्त्र यांच्या शिवेवर चालतो. त्यात ठाम झालेले थोडे आणि वादाचे बरेच आहे. पुरावा जगभर विखुरलेला असला, तरी नाशिक आणि लगतच्या प्रदेशात त्यातले बरेच काही पाहायला मिळते. म्हणून इथली उदाहरणे शक्यतो तिथली घेतली आहेत.

नाशिकच्या पश्चिमेला गंगापूरजवळ गोदावरीच्या काठच्या खडी-वाळूच्या जुन्या थरांत पुरातत्त्वज्ञ ह. धी. सांकलिया यांना पुराणाश्मयुगाच्या (जुन्या दगडी युगाच्या) आरंभीच्या टप्प्यातील दगडी हत्यारे मिळाली. त्यांवरचा अभ्यास १९५२ साली प्रसिद्ध झाला. या प्रकारच्या हत्यारांपैकी हातकुऱ्हाड नीट निरखण्यासारखी असते. दोन्ही बाजूंनी कपच्या काढलेल्या, एक टोक निमुळते, दुसरे तळहातात बसेल असे गोलसर, आणि मधून उभी रेघ मारली तर दोन्ही अंगे बरीचशी जुळतील अशी. जनावराचे कातडे सोलायला नुसती धारदार कपचीही पुरते. मग हा आकार कशासाठी? घडवणाऱ्याच्या मनात तयार हत्यार आधीच होते आणि प्रत्येक घाव तो त्या चित्राकडे पाहून घालत होता, असे अनेक अभ्यासक मानतात. धार पुन्हा पुन्हा लावता लावता हा आकार आपोआप येतो, असे दुसऱ्या बाजूचे म्हणणे. पहिल्या मताचे पारडे जड वाटते, कारण ठिसूळ दगडावर एक घाव चुकला की आधीची सगळी मेहनत वाया जाते आणि पुढच्या चार घावांचा विचार केल्याशिवाय हातोडा उचलता येत नाही.

ही परंपरा आपल्या जातीने, म्हणजे होमो सेपियन्सने, सुरू केलेली नाही. आफ्रिकेत अशी हत्यारे साडेसतरा लाख वर्षांपूर्वीपासून, तर तमिळनाडूतील अत्तिरमपक्कम येथे सु. १५ लाख वर्षांपूर्वीपासून दिसतात. गंगापूरची हत्यारे एवढी जुनी असल्याचा दावा नाही. खरे नवल पुढेच आहे: त्यानंतर दहा लाखांहून अधिक वर्षे या हत्याराचा मूळ नमुना फारसा बदलला नाही. मनात आकार धरता येत होता, पण एकाच्या डोक्यातली नवी युक्ती दुसऱ्याने उचलून तिच्यात भर घालावी, हे घडत नव्हते किंवा फार क्वचित घडत होते. कल्पना असणे वेगळे आणि ती साठत जाणे वेगळे. संस्कृती म्हणतात ती या दुसऱ्या गोष्टीला.

मधल्या काळात मेंदू वाढत गेला. चिंपँझीच्या मेंदूचे आकारमान सु. ४०० घन सेंमी., होमो इरेक्टस या आपल्या आधीच्या मानवजातीचे सु. ९००, आपले सु. १,३५०. वजनाने शरीराच्या जेमतेम २ टक्के असलेला हा अवयव विश्रांतीच्या अवस्थेतही शरीराच्या ऊर्जेतला पाचवा हिस्सा खातो. एवढा महागडा अवयव टिकला, तर त्याची परतफेड कुठेतरी होत असणार. अग्नी आणि शिजवलेले अन्न यांनी हा खर्च परवडू लागला, असे एक मत आहे. मोठ्या डोक्याचे मूल अपुऱ्या वाढीचे जन्मते आणि वर्षानुवर्षे परावलंबी राहते. या लांबलेल्या बालपणात ते शिकते आणि खेळते. दीड-दोन वर्षांचे झाले की ते रिकाम्या वाटीतून पाणी पिऊ लागते, आणि थोड्या वर्षांनी भातुकली मांडते. माती म्हणजे भात नव्हे हे त्याला पक्के ठाऊक असते, आणि तरी पाहुण्याने तो ‘भात’ खाल्ला नाही तर ते रुसते. एकाच वेळी दोन वास्तवे सांभाळायची ही हातोटी इतर प्राण्यांत अगदी तुरळक, अस्पष्ट रूपात दिसते. नाटक, देवता, कायदा, चलनी नोट या सगळ्यांना हीच हातोटी लागते.

चिन्हांचा ठोस पुरावा बराच उशिराचा आहे. दक्षिण आफ्रिकेच्या ब्लाँबोस गुहेत गेरूच्या तुकड्यांवर कोरलेल्या आडव्यातिडव्या रेघा ७५,००० वर्षांच्या आसपासच्या आहेत. इंडोनेशियाच्या सुलावेसी बेटावरील रानडुकराच्या आणि माणसांसारख्या आकृत्यांच्या चित्राचे वय २०२४ साली किमान ५१,२०० वर्षे ठरवले गेले. जर्मनीत सापडलेली हस्तिदंती मूर्ती, सिंहाचे डोके आणि माणसाचे धड असलेली, सु. ४०,००० वर्षांची आहे. असा प्राणी कोणी पाहिलेला असणे शक्य नव्हते. नरसिंह ओळखीचा असलेल्या वाचकाला तिचे विशेष वाटणार नाही, पण दोन प्राणी मनात जोडून तिसरा घडवल्याचा हा सर्वांत जुन्या पुराव्यांपैकी एक आहे. महाराष्ट्रातला या प्रकारचा पुरावा नाशिकच्या शेजारी, जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळच्या पाटणे येथे मिळाला. १९७० च्या दशकात एस. ए. साळी यांनी केलेल्या उत्खननात शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचा, जाळीदार रेघा कोरलेला तुकडा सापडला. त्याचे वय सु. २५,००० वर्षे. म्हणजे खानदेशात तेव्हा शहामृगही होते आणि त्याच्या अंड्यावर नक्षी काढत बसायला कोणाला तरी सवडही होती.

कलेचा जगण्याला उपयोग काय, यावर तीन मते आहेत. डार्विनने १८७१ साली मोराच्या पिसाऱ्याची मीमांसा केली तीच गाणे आणि सजावट यांना लावून, जोडीदार आकर्षित करण्यासाठी हे गुण वाढले, असे म्हणणारे काही. कला हे मेंदूच्या इतर क्षमतांचे केवळ उपफळ आहे, हे दुसरे मत. प्रत्येक गुणामागे उपयोग शोधण्याच्या सवयीवर उत्क्रांतीचे अभ्यासक गूल्ड आणि लेवंटिन यांनी १९७९ साली केलेल्या टीकेचा त्याला आधार मिळाला. तिसरे मत असे की एकत्र गाण्या-नाचण्याने परक्या माणसांतही विश्वास तयार होतो आणि असे गट टिकतात. यातले एकच खरे मानायचे कारण नाही.

संस्कृती एकदा साठू लागली की तिची स्वतःची वंशावळ तयार होते. ती पाहायची तर नाशिकची पांडवलेणी पुरेशी आहेत. क्र. १८ च्या चैत्याच्या (बौद्ध प्रार्थनागृहाच्या) दर्शनी भागावर लाकडी कमानी आणि तुळया दगडात कोरल्या आहेत. डोंगराच्या पोटात खोदलेल्या दालनाला तुळयांची गरज नसते; पण कारागिराच्या मनात इमारत म्हणजे लाकडाची, म्हणून त्या आल्या. क्र. १० चे लेणे क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याने दिलेले. पुढे सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीने क्षत्रपांचा पाडाव केला आणि त्याची आई गौतमी बलश्री हिने क्र. ३ चे लेणे दान दिले. कोरीव लेखात क्षहरातांचा, म्हणजे नहपानाच्या घराण्याचा, वंश निर्मूळ केल्याची प्रौढी आहे, खांब मात्र पराभूतांच्याच लेण्यावरून उचललेले. फक्त शीर्षभागातली घंटा आखूड आणि बसकी झाली, वळण तेवढे डौलदार राहिले नाही. क्र. १० मधल्या मागच्या भिंतीवरचा स्तूप नंतर कोणीतरी तासून त्यातून भैरव काढला. सिन्नर तालुक्यातील जोगलटेंभी येथे १९०६ साली सापडलेल्या १३,००० हून अधिक नाण्यांतही हेच: नहपानाच्या बहुसंख्य नाण्यांवर सातकर्णीने आपला ठसा मारला आहे. जुने टाकून न देता त्यावरच नवे चढवायचे, ही जैविक उत्क्रांतीचीही रीत आहे. फरक एवढाच की जीन आईबापांकडूनच मिळतात, खांबाचा घाट शत्रूकडूनही घेता येतो. म्हणूनच संस्कृतीचा वेग जास्त.

उलट दिशेनेही परिणाम होतो. गुरे पाळून दूध पिणाऱ्या समाजांत मोठेपणीही दूध पचवणारी जनुकीय रूपे काही हजार वर्षांत पसरली. सवय आधी, जीन मागून.

पेठ, सुरगाणा, त्र्यंबकेश्वर या पट्ट्यात आणि लगतच्या मोखाडा-जव्हारकडे होळीनंतर होणारा बोहाडा हा सोंगांचा उत्सव या चर्चेत आणावा लागतो. रात्री मशालींच्या उजेडात, संबळाच्या ठेक्यावर गणपती, शारदा, वेताळ, नरसिंह, रावण अशी सोंगे एकामागून एक नाचत येतात. मुखवटे हलक्या लाकडाचे किंवा कागदाच्या लगद्याचे. अनेक ठिकाणी ठरावीक सोंगाचा मान ठरावीक घराण्याकडे असतो, आणि पहाटे जगदंबा महिषासुराला मारते. याला ‘आदिम कलेचा अवशेष’ म्हणण्याची जुनी खोड सोडावी. वारली, कोकणा, महादेव कोळी समाज पाटणेच्या माणसांपासून तितक्याच पिढ्या दूर आहेत जितका नाशिक शहरातला प्राध्यापक, आणि रामायण-पुराणांतली ही सोंगे तर पुराणाश्मयुगातली असूच शकत नाहीत. बोहाडा उपयोगी पडतो तो कलेविषयीच्या वरच्या तीन मतांपैकी पहिल्याची परीक्षा घ्यायला. नाचणाऱ्याचा चेहरा झाकलेला असल्याने जोडीदाराला आकर्षित करण्याचे स्पष्टीकरण इथे लंगडे पडते, असे वाटेल; पण सोंगाच्या आत कोण आहे हे गावात पोरासोरांनाही ठाऊक असते, आणि कोणाचा रावण चांगला नाचला याची चर्चा पुढच्या होळीपर्यंत पुरते.