पार्श्वसंगीतकार (चित्रपट व मालिका)

चित्रपट किंवा मालिकेतील दृश्यांसाठी पार्श्वसंगीत रचणारा संगीतकार. मराठीत गाण्यांच्या चाली आणि पार्श्वसंगीत अनेकदा एकाच व्यक्तीकडे असते, तरी ही कामे भिन्न आहेत. गाणे आधी ध्वनिमुद्रित होऊन त्यावर चित्रीकरण होते. पार्श्वसंगीत संकलित चित्रावर बसवावे लागते.

त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांनी १९१३ नंतर आपली चित्रपटनिर्मिती नाशिकला हलवली. ते मूकपटांचे दिवस; संगीत चित्रपटगृहात प्रत्यक्ष वाजवले जाई. आज बहुतेक निर्मितीसंस्था मुंबईत असल्याने नाशिकचा संगीतकार घरच्या स्टुडिओत काम करून फाइली पाठवतो आणि अंतिम मिक्सिंगलाच (संवाद, संगीत आणि इतर आवाज एकत्र बसवण्याच्या कामाला) कसारा घाट उतरतो. समोर बसून चूक सुधारायची सोय नसते, म्हणून त्याची फाइल बिनचूकच हवी.

संकलन ‘लॉक’ झाल्यावर (म्हणजे पुढे बदलायचे नाही असे ठरल्यावर) दिग्दर्शकासोबत स्पॉटिंग होते: संगीत कुठे सुरू, कुठे बंद, हे टाइमकोडसह (चित्रातील नेमक्या वेळेच्या आकड्यासह) लिहून घेतात. कुठे काहीच वाजवायचे नाही, हे ठरवणे यात सर्वांत मोलाचे. मग लय ठरते. सेकंदाला २४ फ्रेमच्या चित्रात मिनिटाला १२० मात्रांची लय धरली, तर दर १२ फ्रेमला मात्रा पडते. मालिका सहसा २५ फ्रेमवर चालतात. हा आकडा न विचारता काम केल्यास २ मिनिटांच्या तुकड्यात सुमारे ५ सेकंदांची तफावत येऊ शकते. ध्वनिफाइलचा सॅम्पल रेट (सेकंदाला घेतलेले ध्वनीचे नमुने) ४८ किलोहर्ट्झ आणि खोली २४ बिट असावी, ४४.१ची फाइल रूपांतर न करता ४८ची म्हणून वाजवली, तर ती वेगाने धावते आणि सूर जवळपास दीड स्वरांतर (सेमीटोन) चढतो.

केवळ स्टिरिओ मिक्स देऊ नये. ताल, तंतुवाद्ये, बासरी, पॅड (मागे सलग वाजणारे सूर) असे स्टेम, म्हणजे वाद्यगटांच्या स्वतंत्र फाइली, वेगळे द्यावेत, सर्वांचा आरंभबिंदू एकच ठेवावा. संवादावर तबला आला, तर एकत्रित मिक्समध्ये सगळेच संगीत खाली करावे लागते. संवादातली व्यंजने मुख्यतः २ ते ४ किलोहर्ट्झमध्ये स्पष्ट होतात, तिथे सनईची किंवा व्हायोलिनची दाटी नको.

नाशिक ढोल छोट्या खोलीत घुमतो आणि मायक्रोफोनवर आवाज फाटतो; मोठे सभागृह किंवा मोकळी जागा घ्यावी, एक मायक्रोफोन काही मीटर दूर ठेवावा. पथकाची लय आपोआप चढते. क्लिक (लय दाखवणारा टिकटिक आवाज) ताशेवाल्याच्या कानात द्यावा, बाकीचे त्याला धरून वाजवतात.

दैनंदिन मालिकेत प्रत्येक भागाला नवे संगीत होत नाही. शीर्षकसंगीत, पात्रांच्या धुना, ताण, दुःख, विनोद आणि क्षणिक ठोके यांचा साठा आधी करून देतात, संकलक त्यातून निवडतो. एकेक धून मंद, जलद, तालाशिवाय अशा रूपांत दिली नाही, तर तोच तुकडा महिनोन्महिने कानावर आदळतो.

मोबदला बहुधा एकरकमी ठरतो आणि वादकांचे मानधन त्यातच धरलेले असते. ते करारात वेगळे लिहून घ्यावे. २०१२च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटगृहाबाहेरील वापराच्या रॉयल्टीतील संगीतकाराचा वाटा निर्मात्याला लिहून देता येत नाही. तो मिळवण्यासाठी आयपीआरएस या रॉयल्टी गोळा करून देणाऱ्या संस्थेचे सभासदत्व घेऊन गाण्यांसोबत पार्श्वसंगीताचे तुकडेही शीर्षक आणि कालावधीसह नोंदवावेत. बरेचजण फक्त गाणी नोंदवतात.