कालयंत्राची शिट्टी

आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर दर दोन-तीन महिन्यांनी एक मेसेज उगवतो. जिनिव्हाजवळच्या सर्न प्रयोगशाळेत शास्त्रज्ञांनी म्हणे काळाचं दार उघडलंय, आणि पुरावा म्हणून खाली तिथल्या नटराजाचा फोटो. मूर्ती खरी आहे. भारताने ती भेट दिली आणि २००४ साली तिचं अनावरण झालं. बाकीचा मेसेज कचऱ्यात टाकायच्या लायकीचा. तिथे दोन प्रोटॉन एकमेकांवर आपटतात तेव्हा १३.६ टेराइलेक्ट्रॉनव्होल्ट ऊर्जा असते. आकडा भारदस्त वाटतो, पण उडणाऱ्या एका डासाकडे साधारण १ टेराइलेक्ट्रॉनव्होल्ट गतिज ऊर्जा असते. म्हणजे झाले तेरा-चौदा डास. एवढ्यावर काळाचं दार उघडलं असतं तर डोंबिवलीच्या खाडीकाठी ते रोज संध्याकाळी उघडलं असतं.

तरी दाराचं गणित भल्याभल्यांनी मांडून ठेवलंय, आणि ते मला फार आवडतं. १९३५ साली आइन्स्टाइन आणि रोझेन यांना सापेक्षतेच्या समीकरणांत अवकाशाच्या दोन भागांना जोडणारा एक पूल सापडला. वर्महोल म्हणजे कृमिविवर, ते याच कुळातलं. १९६२ साली व्हीलर आणि फुलर यांनी दाखवलं की हा पूल इतक्या झटकन मिटतो की प्रकाशालाही पलीकडे जाता येत नाही. तो उघडा ठेवायला काय लागेल, याचं उत्तर किप थॉर्न आणि त्यांचा विद्यार्थी मॉरिस यांनी १९८८ साली दिलं: ऋण ऊर्जा, म्हणजे शून्याहूनही कमी ऊर्जा. साधं वस्तुमान प्रकाशकिरणांना एकत्र खेचतं, हे कोलकात्याच्या अमलकुमार रायचौधुरींचं १९५५ सालचं समीकरण सांगतं. कृमिविवरात मात्र आत शिरताना जवळ आलेले किरण बाहेर पडताना फाकायला हवेत, म्हणून हा उलटा माल लागतो. एक मीटरच्या तोंडासाठी तो किती लागेल? वस्तुमानात मोजला तर साधारण गुरू ग्रहाएवढा. हा प्रश्न इथेच सोडू. समजा, माल मिळाला.

आता कृमिविवराचं कालयंत्र कसं करायचं? वेगाने जाणारं घड्याळ मागे पडतं. १९७१ साली विमानातून पूर्वेकडे पृथ्वीप्रदक्षिणा करून आलेली आण्विक घड्याळं ५९ नॅनोसेकंद मागे पडली होती. (इथे ग्रुपवरचे काका हमखास रेवतीची गोष्ट टाकतात. ती बापाबरोबर ब्रह्मलोकी जाऊन आली तोवर इथे युगं उलटली होती. गोष्ट झकासच आहे. पण जाताना आणि आल्यावर घड्याळं जुळवून पाहिल्याची नोंद कुठे नाही, आणि विज्ञानाला तीच नोंद लागते.)

तर एक तोंड घरी ठेवा आणि दुसरं यानात घालून १ जानेवारी २०३० ला प्रकाशाच्या ८६.६ टक्के वेगाने धाडा. या वेगाला यानातलं घड्याळ निम्म्या गतीने चालतं. पाच वर्षं जाऊन पाच वर्षांत परत, म्हणजे घरी २०४० उजाडलेलं, यानात फक्त २०३५. मात्र बोगद्याच्या आतून पाहिलं तर दोन्ही तोंडांची घड्याळं कायम जुळलेली असतात. त्यामुळे यानातल्या तोंडात शिरलात की घरच्या तोंडातून २०३५ मध्ये बाहेर पडता. पाच वर्षं मागे! यंत्र तयार होण्याआधीच्या काळात मात्र जाता येत नाही, त्यामुळे शिवाजी महाराजांच्या भेटीचे बेत रद्द.

या यंत्राचा धोका म्हटला की लोकांना भूतकाळात जाऊन स्वतःच्याच आजोबांना मारणारा नातू आठवतो. मला आठवतो आमच्या गणपतीच्या मांडवातला माइक. दरवर्षी कोणीतरी तो स्पीकरच्या पुढ्यात आणून धरतो. माइकमधली बारीकशी खरखर स्पीकरमधून मोठी होऊन निघते, परत माइकमध्ये शिरते, आणखी मोठी होते, आणि दोन सेकंदांत अशी शिट्टी बसते की आरती सोडून सगळे कानांवर हात ठेवतात. कालयंत्रात हीच शिट्टी प्रकाशाची बसते.

आकडे घेऊन बघू. घरच्या तोंडापासून १ जानेवारी २०३२ ला एक किरण निघाला. परतीच्या वाटेवरचं यान त्याला समोरून भेटतं. किरण यानातल्या तोंडात शिरतो आणि बोगद्यातून घरी बाहेर पडतो, तेव्हा यानातल्या घड्याळात जी तारीख होती तीच घरी असते. गणित करा, ती येते नोव्हेंबर २०३२. किरण पुन्हा यानाकडे धावतो आणि पुन्हा बोगद्यातून घरी येतो. आता जानेवारी संपत आलेला असतो. या फेऱ्या एका ठरावीक तारखेकडे सरकत जातात, मार्च २०३३ च्या सुरुवातीकडे. त्या तारखेला उरलेलं अंतर बघा: ४२७ दिवस, मग ११४, मग ३१, मग ८, मग २, मग जेमतेम अर्धा. प्रत्येक फेरीत ते साधारण ०.२७ पट होतं, त्यामुळे ती तारीख उजाडण्याआधी अगणित फेऱ्या उरकतात.

शिवाय यान समोरून येत असल्यामुळे लाटा दाबल्या जातात. स्टेशनात न थांबता येणाऱ्या फास्ट लोकलचा भोंगा चढा ऐकू येतो ना, तसंच. या वेगाला प्रकाशाची वारंवारता दर फेरीला ३.७३ पट होते. म्हणजे पिवळा उजेड पहिल्या फेरीत अतिनील, चौथ्या फेरीपर्यंत क्ष-किरण, नवव्या फेरीत गॅमा किरण. (वरचं ०.२७ आणि हे ३.७३ एकमेकांचे व्यस्त आहेत. तो योगायोग नाही, वहीत मांडून पाहा.)

मग स्फोट नक्की? इतक्यात नाही. फाकणारे किरण आठवा. कृमिविवराचं तोंड अंतर्गोल भिंगासारखं वागतं. मीटरभर तोंडातून निघालेला प्रकाश तीन प्रकाशवर्षं पसरत गेला की त्यातला जवळजवळ शून्य भाग यानाच्या तोंडात शिरतो. माइकवाला मांडवापासून चार गल्ल्या लांब गेला तर शिट्टी बसत नाही, तसं. इथवर थॉर्न खूश होते.

पण निर्वात पूर्ण रिकामं नसतं. त्यात क्षेत्रांची सूक्ष्म थरथर सतत चालू असते आणि ती कुठल्याही भिंगाने बंद करता येत नाही. किम आणि थॉर्न यांनी १९९१ मध्ये हिशेब केला, तेव्हा त्या घातक क्षणी या थरथरीची ऊर्जा बेसुमार वाढताना दिसली. त्यांचं म्हणणं, ही वाढ इतकी क्षणिक आहे की पुंज-गुरुत्व, म्हणजे अतिसूक्ष्म पातळीवरचं गुरुत्वाकर्षण, तिला वेळीच आवरेल आणि यंत्र वाचेल. स्टीफन हॉकिंग यांना ते पटलं नाही. १९९२ मध्ये त्यांनी सरळ अटकळ मांडली की निसर्ग अशी यंत्रं होऊच देत नाही. दोघांपैकी कोण बरोबर, हे ठरवायला पुंज-गुरुत्वाचा पुरा सिद्धांत लागतो आणि तो अजून कोणाकडे नाही. माझा कौल हॉकिंग यांना, कारण शिट्टी मी ऐकलेली आहे.

आणि हॉकिंग बरोबर असतील तर यानातल्यांची अवस्था पाहा. घरचं तोंड फुटतं मार्च २०३३ मध्ये. यान घरी यायला तेव्हा घरच्या कॅलेंडरने जवळजवळ सात वर्षं बाकी आहेत. त्या स्फोटाचा उजेड ३.१७ वर्षं धावून मे २०३६ मध्ये यानाला गाठतो. त्या वेळी यानातल्या घड्याळात मार्च २०३३ असतो, म्हणजे यानातलं तोंड फुटण्याचा तोच क्षण. घरून निघालेली धोक्याची सूचना आणि धोका, दोन्ही एकदमच पोहोचतात.