अडकलेला माल कोणत्या अटींवर सुटतो? कस्टम्स कायद्याची पार्श्वभूमी

कस्टम्सने जप्त केलेला आयात माल चौकशी संपण्याआधी सोडवायचा असेल, तर आज आयातदाराला साधारणपणे मालाच्या पूर्ण किमतीचा बाँड (लेखी हमीपत्र) आणि सोबत बँक गॅरंटी किंवा अनामत रक्कम द्यावी लागते. हा हक्क आणि त्यावरच्या अटी इथवर यायला सव्वाशे वर्षांहून अधिक काळ गेला.

१८७८ च्या सागरी सीमाशुल्क कायद्याचं कलम १८३ आयातदाराच्या बाजूचं होतं. माल सरकारजमा करण्याचा आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याने मालकाला दंड भरून माल सोडवण्याची संधी द्यायलाच हवी, असं ते सांगायचं. परकीय चलनाची चणचण असलेल्या काळात १९४७ चा आयात-निर्यात नियंत्रण कायदा आला आणि परवान्याविना आणलेल्या मालापुरतं हे बंधन उठलं. अशा मालाबाबत संधी द्यायची की नाही, हे अधिकाऱ्याने ठरवायचं.

मग प्रश्न आला अटींचा. कलकत्त्याच्या एका कंपनीचं जप्त सोनं दंड घेऊन सोडताना कस्टम्सने आणखी दोन अटी घातल्या होत्या: रिझर्व्ह बँकेचा परवाना आणा आणि ठरलेल्या मुदतीत शुल्क भरा. १९५८ मध्ये सुप्रीम कोर्टाने या जादा अटींना कायद्यात आधार नसल्याचं सांगितलं, सोनं सरकारजमा करण्याचा आदेश मात्र कायम ठेवला. आजच्या, म्हणजे १९६२ च्या कस्टम्स कायद्याच्या, कलम १२५ मध्ये रिडेम्प्शन फाइनखेरीज (माल सोडवण्यासाठी भरायच्या दंडाखेरीज) शुल्क आणि इतर आकारही भरावे लागतील, असं स्पष्ट लिहिलेलं आहे.

याच कायद्याने कलम ११० मध्ये मुदत घातली. जप्तीनंतर सहा महिन्यांत कारणे दाखवा नोटीस निघाली नाही, तर माल परत करायचा. मुदत फार तर आणखी सहा महिने वाढवता येते. पण निकाल लागेपर्यंत माल हंगामी सोडण्याची स्वतंत्र तरतूद यायला २००६ उजाडलं. ते कलम ११०अ. त्यात बाँड, तारण आणि अटी अधिकाऱ्याच्या निर्णयावर सोडल्या होत्या, त्यामुळे बंदरागणिक वेगळी मागणी होण्याला वाव होता. ऑगस्ट २०१७ च्या परिपत्रकाने (क्रमांक ३५/२०१७) चौकट आखली. बाँड पूर्ण किमतीचा. गॅरंटीत बुडालेलं शुल्क, पुढे लागू शकणारा रिडेम्प्शन फाइन आणि शास्तीही धरायची. समजा, चाळीस लाखांच्या सुट्या भागांची किंमत कमी दाखवल्याचा संशय आहे. दोष सिद्ध व्हायच्या आधीच संभाव्य दंडाइतके पैसे बँकेत अडकतात. लहान आयातदाराला ही रक्कम उभी करणं झेपत नाही, आणि माझ्या मते हा बोजा न्याय्य नाही.

याच परिपत्रकाने प्रतिबंधित माल आणि सोन्यासारख्या वस्तू हंगामी सुटकेतून वगळल्या. कायद्याने दिलेला विवेकाधिकार परिपत्रकाने असा कापता येत नाही, असं दिल्ली उच्च न्यायालयाने २०२० मध्ये सोन्याच्या दागिन्यांच्या प्रकरणात म्हटलं. दुसऱ्या टोकाला वाटाण्याचं प्रकरण आहे. मार्च २०१९ मध्ये केंद्राने डाळी-वाटाण्याच्या आयातीवर कोटा लावला. काही व्यापाऱ्यांनी न्यायालयाचे अंतरिम आदेश मिळवून कोट्याबाहेरचा माल आणला. मुंबईत कस्टम्स अधिकाऱ्याने दंड भरून तो सोडवण्याची मुभा दिली. जून २०२१ मध्ये सुप्रीम कोर्टाने ती रद्द करून माल पूर्णपणे सरकारजमा करायला सांगितलं. एवढा माल बाजारात आला तर इथल्या शेतकऱ्याला फटका बसेल, हा विचार त्यामागे होता आणि तो मला पटतो. तूर पिकवणाऱ्या मराठवाडा-विदर्भासाठी हा प्रश्न जवळचा आहे.

२०१८ च्या दुरुस्तीने एक गोष्ट आयातदारावर उलटली: माल हंगामी सोडला, की नोटिशीची सहा महिन्यांची मुदत लागू राहत नाही.

शेवटी डेमरेज, म्हणजे माल अडकून पडल्याबद्दल लागणारं गोदामाचं भाडं. मालाला कस्टम्सने विनाकारण अडवलं असलं तरी हे भाडं आयातदारानेच भरायचं, असं सुप्रीम कोर्टाने १९९५ मध्ये ठरवलं होतं. २००९ च्या नियमावलीने जप्त किंवा अडवलेल्या मालावर असं भाडं घ्यायला मनाई केली, पण ‘इतर कायद्यांच्या अधीन राहून’ ही पुस्ती जोडून. त्या पुस्तीमुळे भाड्याचे वाद संपलेले नाहीत.