हुकूम कोणाचा, तपासणी कोणाची : पोलीस व गुप्तचर यंत्रणांच्या नियंत्रणाची पार्श्वभूमी

१८६१ च्या पोलीस कायद्याच्या २३ व्या कलमात पोलीस अधिकाऱ्याची कर्तव्ये ज्या क्रमाने दिली आहेत, तो क्रम लक्षपूर्वक वाचण्यासारखा आहे. सक्षम अधिकाऱ्याने दिलेले कायदेशीर हुकूम आणि वॉरंट तत्परतेने अमलात आणणे हे पहिले कर्तव्य. सार्वजनिक शांततेशी संबंधित बातमी काढून ती वर कळवणे हे दुसरे. गुन्हे घडू न देणे, गुन्हेगार शोधून काढणे आणि त्यांना न्यायासनासमोर आणणे ही कर्तव्ये त्यानंतर येतात. १८५७ च्या उठावाला तेव्हा जेमतेम चार वर्षे झाली होती. हुकूम पाळणारा, बातमी काढणारा आणि गुन्ह्याचा तपास करणारा असा एकच माणूस सरकारला हवा होता, आणि त्याच्यावरील देखरेख त्याच कायद्याच्या तिसऱ्या कलमाने सर्वस्वी सरकारच्या हाती ठेवली. पोलीस आणि गुप्तचर यंत्रणा यांच्यावर लोकशाहीत नियंत्रण कोणाचे असावे, या आजच्या वादाची भारतातील मुळे या दोन कलमांत आहेत.

हा कायदा करणाऱ्या ब्रिटनने स्वतःच्या घरी मात्र वेगळी व्यवस्था ठेवली होती. १८२९ मध्ये स्थापन झालेले लंडनचे पोलीस दल थेट गृहमंत्र्यांच्या अखत्यारीत होते हे खरे. पण १८३५ नंतर इंग्लंडच्या इतर शहरांतील पोलीस नगरपालिकांच्या देखरेख समित्यांना जबाबदार राहिले. वसाहतींसाठी जो नमुना निवडला गेला तो इंग्लंडचा नव्हता. तो आयर्लंडचा होता: बराकीत राहणारे, सशस्त्र, केंद्रातून चालवले जाणारे दल. चार्ल्स नेपियर यांनी १८४३ मध्ये सिंध जिंकल्यावर तेथे याच धर्तीवर पोलीस उभे केले, आणि १८४७ मध्ये सिंध मुंबई इलाख्याला जोडला गेल्यामुळे हा नमुना आपल्याकडे इतर इलाख्यांच्या आधी पोचला. मुंबई इलाख्याने पुढे १८६७ व १८९० चे जिल्हा पोलीस कायदे आणि १९०२ चा मुंबई शहर पोलीस कायदा असे स्वतःचे कायदे केले आणि स्वातंत्र्यानंतर १९५१ मध्ये मुंबई पोलीस कायदा आला. आज तोच महाराष्ट्र पोलीस कायदा या नावाने ओळखला जातो. नाव बदलले, शासनाकडे देखरेख देणारे कलम राहिले.

गुप्तचर यंत्रणेची कहाणी याहून अंधुक आहे, कारण तिला जन्म देणारा कायदाच नाही. आयरिश बंडखोरांच्या बॉम्बस्फोटांमुळे लंडनच्या पोलिसांनी १८८३ मध्ये विशेष शाखा काढली. त्यानंतर चार वर्षांनी, २३ डिसेंबर १८८७ रोजी, भारतात केंद्रीय विशेष शाखा स्थापन झाली आणि ती ठगी व दरोडे खात्याच्या प्रमुखाकडे सोपवण्यात आली. ठग आणि दरोडेखोर यांच्यासाठी उभारलेली चौकट राजकीय सभा, वर्तमानपत्रे आणि धार्मिक चळवळी यांच्यावर पाळत ठेवण्यासाठी वापरायची, असा तो निर्णय होता. १९०२-०३ च्या फ्रेझर आयोगाने पोलीस दल अकार्यक्षम, भ्रष्ट आणि जाचक असल्याचे स्पष्ट शब्दांत नोंदवले. पण त्या अहवालातून सरकारने सर्वांत तत्परतेने जे घेतले, ते होते प्रांतोप्रांती गुन्हे अन्वेषण विभाग (सीआयडी) आणि १९०४ मध्ये केंद्रात गुन्हेविषयक गुप्तवार्तेचे खाते. हेच खाते १९२० पासून इंटेलिजन्स ब्युरो झाले. मराठीत ‘तो सीआयडी आहे’ असे म्हणताना आजही गुन्ह्याचा तपास करणारा नव्हे, तर वेष पालटून कान देणारा माणूस डोळ्यांसमोर येतो. एकाच विभागात तपास आणि राजकीय पाळत ही दोन कामे नांदत होती, याची आठवण भाषेने अशी जपून ठेवली आहे.

ही दोन कामे एकत्र आली की काय होते, याचा सर्वांत भीषण अनुभव जर्मनीने घेतला. नाझी राजवटीच्या गुप्त पोलिसांची, म्हणजे गेस्टापोची, स्थापना १९३३ मध्ये झाली. फेब्रुवारी १९३६ च्या प्रशियन कायद्याने तिचे आदेश प्रशासकीय न्यायालयांच्या कक्षेबाहेर काढले. १९३९ मध्ये नाझी पक्षाची गुप्तवार्ता सेवा आणि राज्याचे सुरक्षा पोलीस एकाच मुख्यालयाखाली आणले गेले. माहिती गोळा करणाऱ्या हातातच अटक करण्याची सत्ता आली आणि त्या अटकेविरुद्ध दाद मागण्याची जागा उरली नाही. म्हणून १४ एप्रिल १९४९ रोजी पश्चिम जर्मनीतील मित्रराष्ट्रांच्या लष्करी राज्यपालांनी नव्या राज्यघटनेच्या कर्त्यांना पाठवलेल्या पत्रात एक अट घातली: राज्याविरुद्धच्या कारवायांची माहिती गोळा करणारी संस्था संघराज्याला स्थापता येईल, परंतु तिला पोलिसी अधिकार असणार नाहीत. १९५० च्या घटना-संरक्षण कायद्यात ही अट उतरली आणि आजही त्या संस्थेचा अधिकारी कोणाला अटक करू शकत नाही, कोणाच्या घराची झडती घेऊ शकत नाही. पूर्व जर्मनीने त्याच सुमारास श्टासी या एकाच मंत्रालयात पाळत, अटक आणि चौकशी एकवटली, त्यामुळे एकाच देशाच्या दोन भागांत दोन्ही पद्धतींचे परिणाम चाळीस वर्षे शेजारी शेजारी पाहायला मिळाले.

जर्मन व्यवस्था पहिल्याच दिवशी पूर्ण झाली होती असे मात्र नाही. परदेशी गुप्तवार्ता सेवा १९५६ पासून काम करत होती, पण तिच्यासाठी स्वतंत्र कायदा १९९० मध्ये झाला. पत्रे व दूरध्वनी यांच्या गोपनीयतेवर मर्यादा आणणाऱ्या १९६८ च्या कायद्यात न्यायालयाऐवजी संसदेने नेमलेल्या आयोगाकडे तपासणी गेली. संसदीय नियंत्रण मंडळाला घटनेत स्थान २००९ मध्ये मिळाले. २०१३ मध्ये दहशतवादविरोधी माहितीसाठ्याच्या खटल्यात घटना न्यायालयाने एक पाऊल पुढे टाकले: पोलीस आणि गुप्तचर यांचे नुसते अधिकार वेगळे असून भागत नाही, त्यांच्यातील माहितीची देवघेवही विशेष कारणाशिवाय होता कामा नये. माझ्या मते या साऱ्या इतिहासातील हा सर्वांत मोलाचा विचार आहे, कारण संगणकाच्या काळात अटकेचा अधिकार नसलेली संस्थाही केवळ एक नोंद पुढे पाठवून माणसाचे आयुष्य उद्ध्वस्त करू शकते. मे २०२० मध्ये त्याच न्यायालयाने परदेशात राहणाऱ्या परकीय नागरिकांच्या संभाषणावर पाळत ठेवतानाही जर्मन राज्य मूलभूत हक्कांनी बांधलेले आहे, असे ठरवले.

अमेरिकेने विभाजनाचा धडा कागदावर लवकर लिहिला. परदेशी गुप्तवार्ता गोळा करणाऱ्या सीआयएची स्थापना करणाऱ्या १९४७ च्या कायद्यातच तिला पोलिसी अधिकार किंवा अंतर्गत सुरक्षेचे काम असणार नाही, असे नमूद आहे. त्या देशात राष्ट्रीय पोलीस दलही नाही. शहरे, परगणे आणि राज्ये यांची मिळून सुमारे १८,००० दले आहेत. तरीही केंद्रीय तपास यंत्रणा एफबीआय ही एक अशी संस्था राहिली जिच्यात गुन्ह्याचा तपास आणि राजकीय पाळत एकत्र होती, आणि १९२४ ते १९७२ अशी ४८ वर्षे तिच्या प्रमुखपदी एकच माणूस, जे. एडगर हूवर, होता. १९५६ पासून चाललेल्या तिच्या गुप्त मोहिमेत नागरी हक्क चळवळीच्या नेत्यांवर, मार्टिन ल्यूथर किंग यांच्यावरही, पाळत ठेवून त्यांची बदनामी करण्याचे प्रयत्न झाले. मार्च १९७१ मध्ये पेनसिल्व्हेनियातील मीडिया या गावातील एफबीआय कार्यालयातून काही नागरिकांनी कागदपत्रे पळवून वृत्तपत्रांना दिली तेव्हा हे उघड होऊ लागले. डिसेंबर १९७४ मध्ये सीआयएच्या देशांतर्गत हेरगिरीची बातमी छापून आली आणि जानेवारी १९७५ मध्ये सिनेटने फ्रँक चर्च यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमली. त्या चौकशीनंतर सिनेट (१९७६) आणि प्रतिनिधीगृह (१९७७) यांच्या कायमस्वरूपी गुप्तवार्ता समित्या आल्या, एफबीआय प्रमुखाला दहा वर्षांची मुदत घालून दिली गेली आणि १९७८ च्या कायद्याने हेरगिरीसंबंधी टॅपिंगला परवानगी देणारे विशेष न्यायालय निर्माण झाले. २०१३ मध्ये गुप्तचर यंत्रणेसाठी काम केलेल्या एडवर्ड स्नोडेन यांनी सरकारी पाळतीबद्दल जे उघड केले त्यातून त्या न्यायालयाच्या मर्यादा दिसल्या, कारण बंद दाराआड फक्त सरकारची बाजू ऐकणारे न्यायासन फार काळ कठोर राहू शकत नाही. २०१५ च्या सुधारणेत त्यावर उपाय म्हणून तटस्थ विधिज्ञांची बाजू ऐकण्याची सोय करण्यात आली.

कॅनडाची गोष्ट थोडक्यात सांगता येते, पण ती आपल्याला सर्वांत जवळची आहे, कारण तेथे सुरक्षा सेवा पोलीस दलाचाच भाग होती. तिच्या माणसांनी १९७२ मध्ये क्वेबेकमध्ये एक गोठा जाळला आणि १९७३ मध्ये एका कायदेशीर राजकीय पक्षाची सदस्ययादी चोरून घेतली. १९७७ मध्ये नेमलेल्या मॅक्डोनाल्ड आयोगाने १९८१ मध्ये सुरक्षा सेवा पोलिसांपासून तोडण्याची शिफारस केली आणि १९८४ मध्ये कायद्याने स्वतंत्र नागरी गुप्तवार्ता सेवा आणि तिच्यावर पुनरीक्षण समिती अशी दोन्ही एकाच वेळी जन्माला आली.

ब्रिटन या बाबतीत बराच मागे राहिला, आणि भारताने त्याच ब्रिटनचे अनुकरण केले होते. एमआय-५ ही देशांतर्गत सुरक्षेची गुप्तचर संस्था १९०९ पासून होती, पण १९५२ पासून ती गृहमंत्र्यांच्या एका छोट्या निर्देशपत्रावर चालत असे. १९८४ मध्ये युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने मॅलोन खटल्यात ब्रिटनमधील टॅपिंगला पुरेसा कायदेशीर आधार नाही असे सांगितले, तेव्हा पुढच्याच वर्षी टॅपिंगचा कायदा आला. १९८९ मध्ये एमआय-५ ला कायदा मिळाला. १९९४ मध्ये एमआय-६ ही परदेशी गुप्तवार्ता सेवा आणि जीसीएचक्यू ही संदेश टिपणारी संस्था यांचे अस्तित्व कायद्याने मान्य झाले आणि संसद सदस्यांची समिती स्थापन झाली. २०१६ च्या कायद्याने मंत्र्याच्या वॉरंटला न्यायिक आयुक्ताची मान्यता आवश्यक केली. पोलिसांबाबत मात्र ब्रिटिश न्यायालये आधीपासून ठाम होती. १९६८ मध्ये लॉर्ड डेनिंग यांनी म्हटले होते की कोणावर खटला भरायचा हे कोणताही मंत्री पोलीस आयुक्ताला सांगू शकत नाही; तो केवळ कायद्याला उत्तरदायी आहे.

भारतात संविधान सभेसमोर हा प्रश्न एकदा थेट आला होता. संघसूचीत ‘केंद्रीय गुप्तवार्ता व अन्वेषण ब्युरो’ ही नोंद चर्चेला असताना ऑगस्ट १९४९ मध्ये डॉ. आंबेडकरांनी खुलासा केला की येथील ‘अन्वेषण’ म्हणजे गुन्ह्याचा तपास नव्हे, कारण तो फौजदारी प्रक्रिया संहितेप्रमाणे पोलीस अधिकाऱ्याचेच काम आहे. म्हणजे सीमारेषा त्यांना स्पष्ट दिसत होती. संसदेने मात्र त्या नोंदीखाली गुप्तवार्ता ब्युरोसाठी कायदा केला नाही. २१ सप्टेंबर १९६८ रोजी इंटेलिजन्स ब्युरोचे विभाजन करून रामेश्वरनाथ काव यांच्या नेतृत्वाखाली परदेशी गुप्तवार्तेसाठी रॉ स्थापन झाली, तीही शासकीय आदेशानेच. सीबीआय १ एप्रिल १९६३ च्या गृहमंत्रालयाच्या ठरावाने उभी राहिली. नोव्हेंबर २०१३ मध्ये गुवाहाटी उच्च न्यायालयाने तो ठराव रद्द केला आणि तीन दिवसांत सर्वोच्च न्यायालयाने त्या निकालाला स्थगिती दिली. गुप्तचर संस्थांविषयी संसदेने केलेला एक कायदा आहे, तो १९८५ चा. पण त्यात संस्थांच्या अधिकारांवर नव्हे, तर त्यांच्या कर्मचाऱ्यांच्या संघटना व अभिव्यक्ती स्वातंत्र्यावर निर्बंध आहेत.

आणीबाणीनंतर बदलाची वेळ आली होती. आणीबाणीतील गैरप्रकारांची चौकशी करणाऱ्या शाह आयोगाने पोलीस आणि तपास यंत्रणांच्या गैरवापराची नोंद केली. नोव्हेंबर १९७७ मध्ये नेमलेल्या राष्ट्रीय पोलीस आयोगाने १९८१ पर्यंत आठ अहवाल दिले आणि मंत्री व पोलीस यांच्यामध्ये राज्य सुरक्षा आयोग असावा, असे सुचवले. अमेरिकेत चर्च समितीनंतर तीन वर्षांत कायदे झाले. आपल्याकडे हे अहवाल तसेच पडून राहिले. निवृत्त पोलीस महासंचालक प्रकाश सिंह यांनी १९९६ मध्ये केलेल्या याचिकेवर २२ सप्टेंबर २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सात निर्देश दिले, तेव्हा कोठे राज्यांना हालचाल करावी लागली. महाराष्ट्राने २०१४ मध्ये कायदा दुरुस्त करून बदल्या-नेमणुका पाहणारी आस्थापना मंडळे आणि तक्रार प्राधिकरण आणले. पण त्याच दुरुस्तीच्या २२-न कलमात अपवादात्मक परिस्थितीत, जनहितासाठी मुदतपूर्व बदलीचा अधिकारही ठेवला. बदलीची टांगती तलवार पोलीस अधिकाऱ्याला किती वाकवते, हे ज्याने एखाद्या जिल्ह्याचा कारभार जवळून पाहिला आहे त्याला सांगावे लागत नाही. त्यामुळे हे एक कलम उरलेल्या साऱ्या सुधारणेचे बळ कमी करते.

टॅपिंगबाबतही न्यायालयानेच वाट काढली. १८८५ च्या तार कायद्यात अधिकार होता, कार्यपद्धती नव्हती. पीयूसीएल या नागरी हक्क संघटनेच्या याचिकेवरील सर्वोच्च न्यायालयाच्या १८ डिसेंबर १९९६ च्या निकालाने गृहसचिवाचा आदेश, मुदतीची मर्यादा आणि पुनरीक्षण समिती हे नियम घालून दिले. १९९२-९३ च्या मुंबई दंगलींची चौकशी केलेले न्यायमूर्ती श्रीकृष्ण यांच्या समितीने २०१८ च्या माहिती संरक्षण अहवालात या व्यवस्थेचे गणित मांडले: केंद्र सरकार दरमहा सरासरी ७,५०० ते ९,००० आदेश काढते आणि दोन महिन्यांतून एकदा भरणाऱ्या समितीसमोर १५,००० ते १८,००० आदेश तपासणीसाठी येतात. एका बैठकीत इतके आदेश वाचणेही अशक्य, मग पारखणे दूरच राहिले. गुप्तवार्तेवर संसदीय आणि न्यायिक देखरेख आणणारा कायदा करावा, असे त्या समितीने सुचवले. त्याआधी २०११ मध्ये लोकसभेत मनीष तिवारी यांनी तशा आशयाचे खासगी विधेयक मांडले होते. कायदा झाला नाही. २०२३ च्या दूरसंचार कायद्याने तार कायद्याची जागा घेतली आणि डिसेंबर २०२४ मध्ये टॅपिंगचे नवे नियम आले. त्यांत केंद्रीय पुनरीक्षण समिती पूर्वीप्रमाणेच मंत्रिमंडळ सचिव आणि दोन सचिव अशा तिघांची आहे, आणि तिच्यात न्यायाधीश नाही, संसद सदस्यही नाही.