क्लेअर कीगन यांच्या कथांमागचं आयर्लंड: १९८५ सालचा वाद

आयरिश लेखिका क्लेअर कीगन यांच्या ‘स्मॉल थिंग्ज लाइक दीज’ या कादंबरीवर एक आक्षेप हटकून घेतला जातो. कादंबरी घडते १९८५ च्या नाताळात, वेक्सफर्डमधल्या न्यू रॉस या गावात. कोळसा-लाकडाचा व्यापारी बिल फर्लाँग कॉन्व्हेंटमध्ये, म्हणजे जोगिणींच्या मठात, माल पोचवायला पहाटेच जातो, कोठाराचा अडसर काढतो, तर आत रात्रभर कोंडलेली एक मुलगी. ती त्याला पहिल्यांदा विचारते ते आपल्या बाळाबद्दल. चौदा आठवड्यांचं बाळ, तिच्यापासून काढून घेतलेलं. न्यू रॉसमध्ये मॅग्डलेन लाँड्री (लग्नाआधी दिवस गेलेल्या किंवा ‘वाया गेलेल्या’ ठरवलेल्या मुली-बायकांना कोंडून बिनपगारी धुणं करवून घेणारी धर्मसंस्था) होती हे खरं, पण ती १९६७ मध्येच बंद झाली. मग अठरा वर्षांनंतर ती चालू कशी?

आक्षेप घेणारे एवढ्यावर थांबत नाहीत. अविवाहित मातांना सरकारी भत्ता १९७३ पासून मिळू लागला होता, कायदेशीर दत्तकविधान तर १९५२ पासूनच होतं, त्यामुळे १९८५ साली बाळंतीण झालेली कोवळी मुलगी लाँड्रीत सापडणं पटण्यासारखं नाही, असं त्यांचं म्हणणं. तारखांपुरतं ते बरोबर आहे. पण लाँड्र्यांची संपूर्ण व्यवस्था तेव्हा इतिहासजमा झाली होती असं मात्र नाही. डब्लिनमध्ये आणि कॉर्कमध्ये धुणं चालूच होतं. शेवटची लाँड्री, डब्लिनच्या शॉन मॅकडरमट स्ट्रीटवरची, बंद झाली ऑक्टोबर १९९६ मध्ये. आयर्लंडमधली अशी पहिली संस्था १७६७ ची, तीही प्रॉटेस्टंटांनी काढलेली. मधली दीडशे वर्षं इथे सोडून देऊ. कीगन यांच्या पुस्तकांना भिडते ती १९२२ नंतरची, स्वतंत्र राज्यातली गोष्ट.

आणि त्यातही ऐंशीचं दशक. १९७९ मध्ये पोप येऊन गेले, तेव्हा देशाची जवळपास एक तृतीयांश माणसं त्यांच्या एकट्या डब्लिनमधल्या सामुदायिक प्रार्थनेला जमली होती. १९८३ च्या सार्वमतात दोन तृतीयांश मतदारांनी गर्भपातबंदी राज्यघटनेत घातली. जानेवारी १९८४ मध्ये ग्रॅनार्ड या छोट्या गावात पंधरा वर्षांची शाळकरी मुलगी मेरीमातेच्या गुंफेपाशी एकटीच बाळंत झाली; ती आणि बाळ दोघंही दगावली. भत्ता सुरू होऊन तेव्हा दहा वर्षं उलटली होती. फेब्रुवारी १९८५ मध्ये अठरा वर्षांवरच्यांना डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय निरोध मिळावा असं विधेयक कनिष्ठ सभागृहात ८३ विरुद्ध ८० मतांनी कसंबसं निभावलं. त्याच उन्हाळ्यात कॉर्कजवळच्या एका गावात मेरीमातेची मूर्ती हलते म्हणून हजारो लोक रात्र रात्र उभे राहिले. पुढच्याच वर्षी घटस्फोटाला सार्वमतात नकार मिळाला. ‘अनौरस’ हा कायदेशीर शिक्का पुसला गेला तो १९८७ मध्ये. भत्त्याचा कायदा पुढे करून ‘तेव्हा असं होत नव्हतं’ म्हणणाऱ्यांनी हा सगळा क्रम एकदा सलग वाचावा.

शिवाय सालाची निवड पात्राच्या वयाशी बांधलेली आहे. फर्लाँग जन्मला १९४६ मध्ये, सोळा वर्षांच्या अविवाहित मोलकरणीच्या पोटी. तिच्या प्रॉटेस्टंट मालकिणीने तिला हाकललं नाही, म्हणून तो वाचला. त्या काळात अशा मुलीची रवानगी कुठे होई, हे सांगायला नको. आता त्याला पाच मुली आहेत आणि गावातली मुलींची चांगली शाळा त्याच कॉन्व्हेंटच्या भिंतीला लागून आहे. कोठारातली मुलगी बाहेर काढायची तर शाळेचे दरवाजे आपल्या लेकींना बंद होतील, हे त्याला गावातली खानावळवाली स्पष्टच बजावते. मठाची प्रमुख त्याच्या हातात नाताळची भेट म्हणून पैशांचं पाकीट ठेवते, आणि तो ते घेतो. १९६७ च्या आत हे घडवायचं तर फर्लाँग विशीचा होतो, शाळकरी मुलींचा बाप उरत नाही. मग धाक कसला घालणार? इतिहासाच्या वहीत चूक दाखवणाऱ्यांना ही साधी वजाबाकी दिसत नाही, याचं नवल वाटतं.

कीगन यांची आधीची वाटचाल थोडक्यात. विकलोमधल्या शेतावर १९६८ चा जन्म, सतराव्या वर्षी न्यू ऑर्लीन्सला शिकायला, १९९९ मध्ये ‘अंटार्क्टिका’ हा पहिला कथासंग्रह, २००७ मध्ये ‘वॉक द ब्लू फील्ड्स’. ‘फॉस्टर’ २०१० चं. ते घडतं १९८१ च्या उन्हाळ्यात, आणि उत्तर आयर्लंडच्या तुरुंगातल्या आयरिश कैद्यांच्या उपोषणात आणखी एक जण गेल्याचा त्यात नुसता ओझरता उल्लेख येतो. बाप मुलीला नातेवाइकांकडे सोडायला निघतो आणि वाटेत शिलेली गाव लागतं, जिथे त्याने पत्त्यांच्या डावात लाल शॉर्टहॉर्न गाय घालवली होती. एवढ्यात घराची सगळी परिस्थिती कळते. त्यावरचा आयरिश भाषेतला चित्रपट २०२३ च्या ऑस्करच्या नामांकनात होता. ‘स्मॉल थिंग्ज’ २०२१ मध्ये आलं, पुढच्या वर्षी बुकरच्या लघुयादीत गेलं आणि मग सालाचा वाद पेटला.

पण खरा अडणारा मुद्दा सालाचा नाही, आकड्याचा आहे. पुस्तकाच्या शेवटच्या टिपेत लेखिका म्हणतात, लाँड्र्यांमध्ये किती स्त्रिया होत्या ते माहीत नाही. दहा हजार हा बेताचा आकडा, तीस हजार अधिक खरा असावा. दहा हजार आला लाँड्र्यांच्या चौकशीसाठी नेमलेल्या सरकारी समितीच्या २०१३ च्या अहवालातून. समितीने दहा लाँड्र्या घेतल्या, मोजणी १९२२ पासून सुरू केली, आणि त्यातल्या दोन ठिकाणच्या नोंदीच हाती नसल्याने ती आकडेवारीत धरली नाहीत. मुक्काम किती, याचा मध्यक निघाला सात महिन्यांच्या आत, म्हणजे निम्म्या जणींचा मुक्काम त्याहून कमी. वर्तमानपत्रांनी तेच उचललं. १९२२ च्या आधी आत गेलेल्या आणि नंतरही दशकानुदशकं तिथेच राहिलेल्या स्त्रिया मात्र या हिशेबात नव्हत्या. मतदारयाद्या आणि थडग्यांवरची नावं ताडून पाहणाऱ्या अभ्यासकांना मरेपर्यंत तिथेच राहिलेल्या बायकांची संख्या बरीच मोठी आढळली.

थडग्यांचीही गोष्ट सरळ नाही. १९९३ मध्ये डब्लिनमध्ये लाँड्री चालवणाऱ्या एका धर्मसंघाने तिथल्या बायकांची थडगी असलेली जमीन विकायला काढली, १३३ मृतदेह हलवण्याची परवानगी घेतली, आणि खोदल्यावर आणखी २२ निघाले. कित्येकींचे मृत्यूचे दाखलेच नव्हते. दोन दशकांनी, फेब्रुवारी २०१३ मध्ये, तेव्हाच्या पंतप्रधानांनी लाँड्र्यांतल्या स्त्रियांची संसदेत माफी मागितली. समितीच्या त्याच अहवालात राज्यसंस्थेचा हात मान्य केला होता: ज्यांचा मार्ग नोंदलेला आहे अशांपैकी २६.५ टक्के स्त्रियांना लाँड्रीत धाडण्यात सरकारी यंत्रणा होती.

आकडा पुन्हा मोजून वाद मिटवावा म्हटलं तर तीही सोय ठेवलेली नाही. काम आटोपल्यावर समितीने मूळ नोंदवह्या धर्मसंघांना परत केल्या आणि स्वतःजवळच्या प्रती नष्ट केल्या.