सेव्ह फाइलचा पत्ता कसा बदलत गेला

दिवाळीच्या सुट्टीत जुळे सोलापूरला बहिणीकडे गेलो, तर भाचा पीसीपुढे हिरमुसून बसलेला. एका ऑनलाइन दुकानात फुकट मिळालेला गेम तो चार महिने खेळत होता. पुढे तोच गेम, सगळ्या जादा भागांसकट, दुसऱ्या दुकानात सेलमध्ये लागला. साठवलेल्या पैशांतून त्याने तो विकत घेतला. डाउनलोड रात्रभर चाललं. सकाळी गेम उघडला, तर मेनूत ‘कंटिन्यू’ नाहीच, फक्त ‘न्यू गेम’.

“मामा, हे पहिल्यापासनं सुरू करलालंय की!”

गेम तोच, पीसी तोच, हार्ड डिस्कसुद्धा तीच. मग चार महिन्यांचा खेळ गेला कुठे? कुठेच गेला नव्हता. खेळ कुठवर आला ते नोंदवून ठेवणारी सेव्ह फाइल जुन्या पत्त्यावर शाबूत होती आणि नवा गेम तिला भलत्याच पत्त्यावर शोधत होता. असे प्रश्न मला आता दर महिन्याला कुणी ना कुणी विचारतं. प्रत्येक गेमचं उत्तर वेगळं असतं. ते वेगळं का असतं, याचं कारण मात्र गेल्या चाळीस-पंचेचाळीस वर्षांत या पत्त्याचं जे झालं त्यात आहे.

सुरुवातीला हा पत्ता खेळणाऱ्याच्या वहीत होता. टीव्हीला जोडायच्या व्हिडिओ गेममध्ये, आपण ज्याला ‘कॅसेट’ म्हणायचो त्यावर, काही लिहून ठेवायची सोयच बहुतेक वेळा नसे. बटण बंद केलं की सगळं संपलं. त्यावर तोडगा म्हणून पासवर्ड आले. १९८६ साली जपानमध्ये आलेला ‘ड्रॅगन क्वेस्ट’ थांबताना वीस अक्षरांचा एक मंत्र द्यायचा. तो वहीत उतरवून घ्यायचा आणि दुसऱ्या दिवशी जसाच्या तसा टाकायचा. पुढच्या वर्षीच्या दुसऱ्या भागात हा मंत्र ५२ अक्षरांपर्यंत गेला. एक अक्षर चुकलं की खेळ गेला. पण त्या वहीचं एक मोठं सुख होतं. ती घेऊन कुणाच्याही घरी जा, कुणाच्याही कॅसेटवर मंत्र टाका, खेळ तिथूनच पुढे सुरू. सेव्हला कुलूप असतं ही कल्पनाच तेव्हा नव्हती. ‘लेजंड ऑफ झेल्डा’ची १९८७ मधली अमेरिकन कॅसेट आली ती आत बॅटरी घेऊन. सेव्ह वहीतून निघून कॅसेटच्या पोटात गेला आणि बॅटरी संपली की तोही संपू लागला.

कॉम्प्युटरवर गोष्ट आधीपासून वेगळी होती, कारण तिथे फ्लॉपी होती. १९८१ च्या ‘विझर्ड्री’त तयार केलेली पात्रं फ्लॉपीवर राहत आणि पुढच्या वर्षी दुसरा भाग आला तेव्हा खेळणाऱ्यांनी तीच पात्रं उचलून त्यात नेली. एका गेममधली कमाई दुसऱ्या गेममध्ये नेणं कंपनीलाच अपेक्षित होतं.

आमच्या पिढीला हे कळलं ते कॉम्प्युटर क्लासमध्ये. ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’त तिसऱ्या लेव्हलपासून पुढे कंट्रोल आणि जी दाबलं की खेळ सेव्ह व्हायचा. फाइल एकच. नवा सेव्ह केला की आधीचा पुसला. क्लासमध्ये एका मशीनवर तीन बॅच बसायच्या, त्यामुळे सकाळच्या बॅचचा राजपुत्र दुपारच्या बॅचच्या हातून मरायचा. १९९३ च्या ‘डूम’ने सेव्ह ठेवायला सहा जागा दिल्या आणि फाइली गेमच्याच फोल्डरमध्ये नावानिशी दिसू लागल्या. फोल्डर कॉपी केला की गेम आणि सेव्ह दोन्ही हातात. इतकं साधं ते पुन्हा कधी राहिलं नाही.

नंतरचा काळ सायबर कॅफेचा. सोलापुरात नवी पेठेत, सात रस्त्याला, जिथे जाल तिथे प्लायवूडच्या खोपट्यात सात-आठ पीसी आणि त्यावर ‘आयजीआय’ नाहीतर ‘व्हाइस सिटी’. आयजीआयला मिशनच्या मध्ये सेव्ह नव्हता. लोडशेडिंगची वेळ विसरून कुणी लांबलचक मिशन सुरू केलं, की पंखा थांबताच रांगेतून एकदम आरडाओरडा उठायचा. व्हाइस सिटीत मात्र आठ जागा होत्या आणि त्या आठ जागांसाठी अख्ख्या कॅफेची भांडणं. एकदा माझी तिसरी जागा कुणीतरी बिनदिक्कत दाबून टाकली, तेव्हापासून मी फ्लॉपी बाळगायला लागलो. माय डॉक्युमेंट्समध्ये गेमच्या नावाचा फोल्डर असायचा, त्यात ‘जीटीएव्हीसीएसएफ३.बी’ अशा नावाची फाइल. दोनशे केबीच्या आसपासची. शर्टाच्या खिशात ती फ्लॉपी घालून नवी पेठेतून रेल्वे लाइन्सला घरी यायचं आणि तिथल्या पीसीवर तोच फोल्डर शोधून पेस्ट करायचं. गेमला काही कळायचं नाही. तो निमूटपणे तिसऱ्या जागेवरून सुरू व्हायचा. (पुढे कॅफेवाल्यांनी रिस्टार्टबरोबर डिस्क पूर्ववत करणारं सॉफ्टवेअर घातलं. मग फ्लॉपी नसेल त्याचं दिवसभराचं सगळं वाहून जायचं.)

खरं तर तेव्हाच्या सीडी बहुतेक कॉपी केलेल्याच असत, हेही सांगायला हवं. अकाउंट नव्हतं, लॉगिन नव्हतं. सेव्ह फाइल मोकळी होती ती कुणाच्या उदारपणामुळे नाही. कुणाचा सेव्ह कुणाचा, हे विचारणारंच कुणी नव्हतं म्हणून.

पत्ता बिघडायला सुरुवात विंडोजपासून झाली. २००७ साली बाजारात आलेल्या व्हिस्टा या विंडोजच्या आवृत्तीने ‘प्रोग्रॅम फाइल्स’ या फोल्डरमध्ये लिहायला गेमना बंदी केली. जुन्या गेमनी तिथे लिहायचा प्रयत्न केला की विंडोज त्या फाइली गुपचूप ‘व्हर्च्युअलस्टोअर’ नावाच्या लपलेल्या फोल्डरात ठेवी. शिवाय ‘सेव्हड गेम्स’ असा खास फोल्डर दिला. हेतू चांगला होता. पण कुणी तिथे गेलं, कुणी डॉक्युमेंट्समधल्या ‘माय गेम्स’मध्येच राहिलं, कुणी डोळ्यांना न दिसणाऱ्या ‘अॅपडेटा’त घुसलं. एका पीसीवर दहा गेम असतील तर सेव्हचे पत्ते चार-पाच ठिकाणी. आजही निम्म्या तक्रारींचं मूळ इथेच असतं. फाइल असते, फक्त माणसाला सापडत नाही.

त्याच वर्षी मायक्रोसॉफ्टने ‘गेम्स फॉर विंडोज लाइव्ह’ ही लॉगिन करून वापरायची ऑनलाइन सेवा आणली आणि सेव्हला पत्त्याबरोबर मालकाचं नावही चिकटलं. २००८ च्या डिसेंबरमध्ये पीसीवर आलेल्या ‘जीटीए ४’चे सेव्ह त्या सेवेतल्या प्रोफाइलशी, म्हणजे खात्याशी, बांधलेले होते. प्रोफाइलमध्ये साइन इन नसेल तर खेळ सेव्हच होत नसे. पुढे ही सेवा मागे पडली आणि २०२० च्या जानेवारीत जीटीए ४ स्टीम या ऑनलाइन दुकानात विकत मिळेनासा झाला, कारण गेम चालू करायला लागणारे त्या सेवेचे नवे कोडच तयार होत नव्हते. मार्चमध्ये तो परतला तो ती सेवा काढून टाकून, मल्टिप्लेअर म्हणजे अनेकांनी मिळून ऑनलाइन खेळायची सोयही गमावून. जुने सेव्ह नव्या आवृत्तीत चालतील अशी सोय मात्र गेम बनवणाऱ्या रॉकस्टारने ठेवली. अकरा वर्षांपूर्वीचा खेळ पुढे नेता येणं ही लहान गोष्ट नाही आणि ती मुद्दाम कुणीतरी केली म्हणूनच झाली.

स्टीम २००३ च्या सप्टेंबरमध्ये सुरू झालं. सेव्ह स्वतःच्या सर्व्हरवर ठेवण्याची ‘स्टीम क्लाउड’ची सोय २००८ ची, ‘लेफ्ट फोर डेड’ या गेमच्या वेळची. सोलापूरकरांना याचं मोल कळायला वेळ लागला, पण कळलं ते पुरतं. शिक्षण-नोकरीसाठी पोरं पुण्याला जातात, पीसी मात्र इथेच घरी राहतो. त्याआधी मित्रमंडळी सकाळच्या हुतात्मा एक्स्प्रेसने पुण्याला निघताना पेनड्राइव्हवर सेव्ह नेत आणि पुढच्या खेपेला परत आणत. कुठला नवा आणि कुठला जुना यात हमखास गोंधळ. जुना नव्यावर पडला की पंधरा दिवसांचा खेळ पाण्यात. क्लाउडने तो गोंधळ मिटवला. सोलापुरात रात्री थांबायचं, पुण्याच्या लॅपटॉपवर तिथूनच उचलायचं. पण हे चाललं दोन्हीकडे स्टीमच होतं म्हणून. खेळणाऱ्याला वाटलं आपला सेव्ह आता कुठेही जातो. प्रत्यक्षात तो एकाच दुकानाच्या एका शाखेतून दुसऱ्या शाखेत जात होता.

दुकानं वाढली तेव्हा हे उघडं पडलं. पोलंडच्या सीडी प्रोजेक्टचं जीओजी हे दुकान २००८ पासून होतं. त्यांचे गेम बिनकुलपाचे आणि सेव्ह बहुधा साध्या फोल्डरात. एपिकचं दुकान ६ डिसेंबर २०१८ ला सुरू झालं, तेही क्लाउड सेव्हशिवाय. ती सोय काही गेमना २०१९ मध्ये मिळू लागली. दर आठवड्याला फुकट गेम देऊन एपिकने भारतातली कितीतरी पोरं आपल्याकडे ओढली. २०२० च्या मे महिन्यात ‘जीटीए ५’ फुकट दिला तेव्हा त्यांची साइटच कोलमडली होती. जून २०१९ मध्ये पीसीसाठी मायक्रोसॉफ्टचा गेम पास आला, महिन्याच्या वर्गणीवर. एकच गेम आता चार ठिकाणी मिळू लागला आणि सेव्हचे पत्ते चार झाले.

गेम पासचा सेव्ह एकदा उघडून बघण्यासारखा आहे. अॅपडेटा, लोकल, पॅकेजेस, मग गेमच्या नावाचं लांबलचक फोल्डर, त्यात ‘सिस्टमअॅपडेटा’ आणि शेवटी ‘डब्ल्यूजीएस’. आत शिरलं की ओळखीचं काहीच दिसत नाही. बत्तीस आकडे-अक्षरांची नावं, पुढे फाइलचा प्रकार सांगणारं एक्स्टेन्शन नाही, शेजारी एक अनुक्रमणिकेची फाइल. खरा सेव्ह त्यांतल्याच एका बेनाव फाइलीत असतो. तारीख आणि आकार बघून ती ओळखायची, बाहेर काढायची, स्टीमच्या गेमला जे नाव हवं ते तिला द्यायचं आणि त्याच्या फोल्डरात ठेवायची. काही गेममध्ये एवढ्यावर काम होतं. अशी मांडणी का? एक्सबॉक्स हे मायक्रोसॉफ्टचं गेमचं यंत्र आणि विंडोज यांच्यात सेव्ह आपोआप जावा म्हणून ती केलेली आहे आणि त्या कामी ती उत्तम चालते. तिसऱ्या दुकानाचा विचार तिच्यात नाही, इतकंच.

याहून पक्कं कुलूप ‘एल्डन रिंग’सारख्या गेममध्ये आहे. तिथे फोल्डरचं नाव म्हणजे सतरा आकडी स्टीम क्रमांक आणि तोच क्रमांक सेव्ह फाइलच्या आतही लिहिलेला. फाइल मित्राच्या पीसीवर नेऊन ठेवली तरी गेम ती आपली मानत नाही. आमच्या पूर्व भागात ज्यांनी जकार्ड मागावर नक्षीच्या चादरी विणल्यात त्यांना हे लगेच समजतं. नक्षी पंचकार्डांच्या माळेत असते. माळ उचलून दुसऱ्या मागावर चढवता येते, पण हुक तितकेच हवेत आणि भोकांमधलं अंतर तेच हवं. नाहीतर नक्षी पूर्ण असूनही चादर विणली जात नाही. फरक इतकाच की जकार्डमध्ये अडतं ते लाकडा-लोखंडामुळे, इथे कुणीतरी ठरवल्यामुळे. ऑनलाइन खेळात फसवाफसवी होऊ नये हे त्यामागचं कारण मला पटतं. एकट्याने खेळायच्या गेमला तेच कुलूप लावलेलं मात्र पटत नाही.

ठरवलं तर उलटंही होतं. ‘विचर ३’चे पीसीवरचे सेव्ह स्टीमचे असोत की जीओजीचे, डॉक्युमेंट्समधल्या एकाच फोल्डरात बसतात. १४ डिसेंबर २०२२ च्या अपडेटने तर जीओजी अकाउंट जोडलं की पीसी, प्लेस्टेशन ५ आणि नवे एक्सबॉक्स यांच्यात सेव्ह जाऊ लागला. ‘क्रॉस-प्रोग्रेशन’ म्हणतात ते हेच. पण बारकाईने पाहिलं तर इथेही सेव्ह मोकळा झालेला नाही. दुकानाच्या अकाउंटऐवजी गेम बनवणाऱ्याच्या अकाउंटवर गेला.

सर्व्हरच बंद पडला तर काय, याचं उत्तर गेम इंटरनेटवरूनच चालवणाऱ्या गूगलच्या स्टेडियाने दिलं. १८ जानेवारी २०२३ ला ती सेवा संपली. तिथे गेम खेळणाऱ्याच्या मशीनवर नव्हतेच, त्यामुळे सेव्हही नव्हते. गूगलने ते ‘टेकआउट’ या आपल्या माहिती-उतरवण्याच्या सोयीतून घेण्याची वाट ठेवली होती आणि काही कंपन्यांनी आपापली सोय केली. कायद्याचं म्हणाल तर युरोपात २०१८ पासून स्वतःची माहिती एका सेवेतून दुसरीकडे नेण्याचा हक्क आहे. सेव्ह फाइल त्यात बसते का, हा वादाचा मुद्दा. आपल्या २०२३ च्या डेटा कायद्यात तो हक्कच नाही, २०१९ च्या विधेयकात होता. तो हक्क वगळला गेला हे मला फार लागतं. शंभर-दीडशे तासांचा खेळ ही माणसाची स्वतःची चीज आहे.

कंपन्यांनी जे केलं नाही ते खेळणाऱ्यांनी केलं. २०१२ मध्ये सुरू झालेल्या पीसीगेमिंगविकी या वेबसाइटवर हजारो गेमचे सेव्ह कुठे असतात ते लोकांनी दुकानागणिक लिहून ठेवलंय. ‘लुडुसावी’ हे फुकट सॉफ्टवेअर त्याच यादीवरून पीसीवरचे सगळे सेव्ह हुडकून त्यांची प्रत काढतं.

भाच्याच्या पीसीवर आम्ही तेच केलं. आधी जुन्या सेव्हची प्रत पेनड्राइव्हवर. मग दोन्ही दुकानांचे क्लाउड तात्पुरते बंद, नाहीतर रिकामा सेव्ह वरून खाली येऊन सगळं झाकून टाकतो. नव्या गेममध्ये दोन मिनिटं खेळून एक सेव्ह करवला, म्हणजे त्याचा फोल्डर तयार झाला. त्यात आकडी नावाचा एक उपफोल्डर होता, नव्या अकाउंटचा. जुनी फाइल त्यात टाकली आणि नव्या फाइलीचं नाव तिला दिलं. गेम उघडला. मेनूत ‘कंटिन्यू’ आलं, शेजारी ९४ तास. जुन्या दुकानात मिळवलेल्या अचिव्हमेंट्स, म्हणजे खेळातल्या कामगिरीची पदकं, मात्र आल्या नाहीत. त्या फाइलीत नसतात, दुकानाच्या खात्यावर असतात. भाच्याने तिकडे पाहिलंही नाही. तो गेममधल्या घोड्यावर बसून निघून गेला होता.