कोलहाझे, वोल्फगांग

(१३ मार्च १९३१ – ५ ऑक्टोबर २०२२). जर्मन चित्रपट-दूरचित्रवाणी पटकथाकार व कथालेखक. जन्म बर्लिनच्या आडलर्सहोफ भागात, कामगाराच्या घरी. शाळा संपल्यावर तरुणांच्या नियतकालिकांत पत्रकारिता करून १९५० मध्ये ते ‘डेफा’ या पूर्व जर्मनीच्या सरकारी चित्रसंस्थेत आले. दोनच वर्षांत नोकरी सोडून ते पूर्णवेळ लेखनाकडे वळले.

दिग्दर्शक गेरहार्ट क्लाइन यांच्याबरोबर त्यांनी बर्लिनवर लागोपाठ तीन चित्रपट केले. इटालियन नववास्तववादाची (सामान्य माणसांचे जगणे जसेच्या तसे दाखवणाऱ्या शैलीची) छाप असलेले हे चित्रपट रस्त्यावर जाऊन चित्रित झाले. त्यांतल्या ‘बर्लिन – एके शोएनहाउझर’मध्ये (१९५७) उन्नत रेल्वेखाली टाइमपास करणारी, घरात न रमणारी पोरे दिसतात. बर्लिनची भिंत उभी राहायला अजून चार वर्षे होती. शहराच्या पूर्व भागातून पश्चिम भागात सहज जाता येई आणि कथानकातले पेच त्यातूनच निर्माण होत. अधिकाऱ्यांनी नाके मुरडली, प्रेक्षकांनी मात्र गर्दी केली.

पूर्व जर्मनीतल्या सत्ताधारी कम्युनिस्ट पक्षाच्या डिसेंबर १९६५ च्या बैठकीनंतर डेफाचे त्या सुमाराचे बरेचसे चित्रपट बंदीत गेले. कोलहाझे-क्लाइन जोडीचा ‘बर्लिन उम दी एके’ त्यांतलाच. कारखान्यातल्या तरुण कामगारांची ज्येष्ठांशी होणारी खडाजंगी एवढाच त्याचा विषय. पण तो रीतसर पडद्यावर यायला १९९० उजाडले. क्लाइन त्याच्या वीस वर्षे आधीच वारले होते.

कोलहाझे यांचे सर्वांत कसदार लेखन दिग्दर्शक कोनराड वोल्फ यांच्यासाठी झाले, असे म्हणायला हरकत नाही. ‘इश वार नॉयनत्सेन’ (१९६८) वोल्फ यांच्या स्वतःच्या युद्धानुभवावर बेतलेला आहे. लहानपणी मॉस्कोला गेलेला जर्मन मुलगा एकोणिसाव्या वर्षी सोव्हिएत लष्कराचा अधिकारी होऊन मायदेशी परततो आणि ध्वनिक्षेपकावरून आपल्याच भाषेत शत्रुसैनिकांना शरण यायला सांगतो. ‘सोलो सनी’त (१९८०) वोल्फ यांच्यासह दिग्दर्शक म्हणूनही कोलहाझे यांचे नाव आहे. रात्री मुक्कामाला राहिलेल्या पुरुषाला गायिका सनी सकाळी बजावते, नाश्ता मिळणार नाही. तो कुरकुरतो, तर म्हणते, चर्चाही नाही. एका तुटक वाक्यात अख्खी बाई उभी करणे ही त्यांची खासियत. लांब भाषणे त्यांच्या पात्रांना मानवतच नाहीत. या भूमिकेसाठी रेनाटे क्र्योस्नर यांना बर्लिन चित्रपट महोत्सवात ‘रौप्य अस्वल’ हा पुरस्कार मिळाला.

जर्मनीच्या एकीकरणानंतर डेफा मोडीत निघाली आणि तिथल्या कितीतरी जणांची कारकीर्द आटोपली. कोलहाझे मात्र टिकून राहिले. दिग्दर्शक फ्रांक बायर यांच्यासाठी त्यांनी ‘डेर हाउप्टमान फॉन कोपेनिक’ (१९९७) हा दूरचित्रवाणीपट लिहिला. कॅप्टनचा गणवेश चढवून नगरपालिका लुटणाऱ्या तोतयाची ही गोष्ट. (कोपेनिक आडलर्सहोफच्या शेजारीच आहे.) पुढे फोल्कर श्लोएनडोर्फ यांच्यासाठी ‘दी श्टिले नाख डेम शुस’ (२०००), तर आंड्रेआस ड्रेझेन यांच्यासाठी ‘झोमर फोर्म बाल्कोन’ (२००५) या पटकथा त्यांनी लिहिल्या. ड्रेझेन वयाने बत्तीस वर्षांनी लहान, तरी जोडी छान जमली. २०१० मध्ये बर्लिन महोत्सवाने त्यांना सन्माननीय सुवर्ण अस्वल दिले. हा मान बहुधा नट-दिग्दर्शकांनाच मिळतो.

‘एरफिंडुंग आइनर श्प्राखे’ ही त्यांची कथा १९७०च्या दशकातली. जीव वाचवण्यासाठी छळछावणीतला एक कैदी आपल्याला फारसी येते अशी थाप मारतो आणि मनानेच रचलेली भाषा शिकवत राहतो. तिच्यावर आधारलेला ‘पर्झिशश्टुंडेन’ हा चित्रपट त्यांच्या हयातीतच, २०२० मध्ये आला.